मिठागरातली बाई

प्रमिलाबाई शारजाला आल्या त्या बाळंतविडा घेऊनच. बॅगेत डिंकाचे लाडू होते, वेखंड होतं, बाळंतशेपा होत्या, जुन्या साड्यांची मऊ दुपटी होती, आणि तळाशी एका पुरचुंडीत कुडाळच्या देवळातला अंगारा होता. अंगाऱ्याचं त्यांनी कोणालाच सांगितलं नव्हतं. निखिलला, म्हणजे त्यांच्या मुलाला, असलं आवडत नसे. सून शुभ्रा पुण्याची, शिकलेली, दुबईत लोकांच्या घरांची स्वयंपाकघरं डिझाइन करून देणारी. ती हसली असती तर प्रमिलाबाईंना ते लागलं असतं.

निखिलचं ऑफिस दुबईच्या पार पलीकडच्या टोकाला, जुमेरा लेक टॉवर्समध्ये. शारजाहून तिथं वेळेवर पोचायचं तर उजाडायच्या आत निघावं लागे, आणि संध्याकाळी त्याच रस्त्यावर अडकत अडकत तो घरी येई तेव्हा त्याच्यात बोलायचंही त्राण नसे. त्यामुळे सबंध दिवस घरात दोघी बायका आणि पाळण्यातला रेयांश.

शुभ्राचं बाळंतपण सोपं गेलं नव्हतं. रात्रभर कळा देऊन शेवटी पोट कापावं लागलं होतं. घरी आल्यावर मात्र ती सगळं करत होती. दुधाच्या वेळा फोनवर टिपायची, बाटल्या उकळायची, लंगोट बदलायची. कुठं चुकत नव्हती. पण करायची ती क्लायंटचं काम केल्यासारखी. बाळाला मांडीवर घेऊन त्याच्याशी दोन शब्द बोलली आहे, त्याच्या मानेत नाक खुपसलं आहे, असं कधी दिसलं नाही. प्रमिलाबाई त्याला अंघोळ घालायला बसल्या की ती खोलीतून उठून जायची.

आणखीही काही गोष्टी होत्या. घरातल्या सुऱ्या आणि कात्र्या फ्रिजच्या वरच्या कपाटात, स्टुलावर चढल्याशिवाय हात पोचणार नाही अशा ठिकाणी ठेवलेल्या होत्या. भाजी सुपरमार्केटमधून चिरलेलीच यायची. बाल्कनीला सतत कुलूप.

"चावी कुठं आहे गो? दुपटी उन्हात टाकते," एकदा प्रमिलाबाईंनी विचारलं.

"हरवलीय, आई."

पुढं दोन दिवसांनी भाताला तांदूळ काढताना डब्यात हाताला काहीतरी टोचलं. बाल्कनीची चावी. प्रमिलाबाईंनी ती थोडा वेळ हातात धरली आणि परत तांदळात खुपसून ठेवली. मनात बरंच काही येऊन गेलं. आजकालच्या मुलींना विळीसमोर बसायचा कंटाळा. वरून खोटं बोलायचं. आणि मूल झालं तरी तोंडावर आनंद कसा तो नाही. मग मनाच्या मागच्या अंगाला एक जुनी भीती हलली, तेव्हा त्यांनी पुरचुंडी सोडली, चिमूटभर अंगारा पाळण्याच्या गादीखाली टाकला आणि हात धुवून मोकळ्या झाल्या.

समोरच्या फ्लॅटमध्ये कावेरीअम्मा राहायच्या. तिरुनेलवेलीच्या. त्याही मुलीकडे आलेल्या, नातवंडं शाळेत आणि मुलगी-जावई कामावर गेले की दिवसभर एकट्या. कढीपत्त्याच्या देवाणघेवाणीतून ओळख झाली. प्रमिलाबाईंचं हिंदी कोकणातलं, कावेरीअम्मांचं हिंदी म्हणजे मोजके शब्द आणि बाकी हातवारे. पण दोघींचं छान जमायचं. कावेरीअम्मा त्यांना अक्का म्हणायच्या.

एके सकाळी त्या दार वाजवून आत आल्या, चेहरा खुललेला. "अक्का, पिच्चर! तमिळ. पेय पिच्चर. तुम चलो."

पेय म्हटल्यावर प्रमिलाबाईंना वाटलं, तिथं काहीतरी प्यायला देत असतील. "मला गार नको हो, घसा धरतो," त्या म्हणाल्या. कावेरीअम्मांना काही उमजेना. मग त्यांनी आपला अंबाडा सोडला, केस तोंडावर घेतले आणि डोळे गरगर फिरवले. पेय म्हणजे भूत. दोघी हसून हसून सोफ्यावर बसल्या. मुलीनं आईसोबत जायचं म्हणून तिकिटं काढली होती आणि ऐनवेळी मुलीची ड्युटी लागली होती, एवढं त्यातून कळलं.

हसण्याचा आवाज ऐकून शुभ्रा बाहेर आली. "जा ना आई. आल्यापासून घरातच आहात." मग जरा थांबून तिनं विचारलं, "परत कधी येणार?"

"दुपारच्या जेवणापर्यंत येईन."

प्रमिलाबाई साडी बदलून चपला घालत होत्या तेव्हा तिनं तेच पुन्हा विचारलं. प्रमिलाबाईंना वाटलं, हिला मी जायला हवीच आहे. त्या थोड्या घुश्शातच लिफ्टमध्ये शिरल्या.

मॉलमधलं थिएटर जवळजवळ रिकामं होतं. एसी असा की प्रमिलाबाईंनी पदर कानावरून घेतला. पडद्याच्या तळाशी इंग्रजी आणि अरबी अक्षरं पळत होती; त्यांचा त्यांना उपयोग नव्हता. त्या नुसत्या बघत राहिल्या.

सिनेमातलं गाव समुद्राकाठचं होतं. घराच्या मागच्या दारापासून मिठागरं सुरू व्हायची ती थेट क्षितिजापर्यंत. पांढऱ्या मिठाचे ढीग आणि त्यावर असं ऊन की बघणाऱ्याचे डोळे मिटावेत. एक कोवळी मुलगी बाळ घेऊन त्या घरात येते. नवरा चांगला, सासू कडक, घरात माणसांची वर्दळ. आणि भर दुपारी, सगळे जेवून आडवे झाले की, लांब त्या मिठाच्या ढिगांमध्ये एक बाई उभी असते. काही करत नाही. ओरडत नाही. नुसती घराकडे बघते. तिच्या आजूबाजूला सावली म्हणून नाही.

"कोण?" प्रमिलाबाईंनी हळूच विचारलं.

"पहला... बहू," कावेरीअम्मा कुजबुजल्या. "पुराना. मर गया. बच्चा भी."

प्रमिलाबाईंनी पदर घट्ट ओढून घेतला.

पडद्यावरची मुलगी दिवसेंदिवस गप्प होत गेली. बाळ रडलं तरी तिचं लक्ष दुसरीकडेच. एका दुपारी ती एकटीच स्वयंपाकघरात उभी राहिली. समोर जमिनीवर विळी. ती बराच वेळ विळीच्या पात्याकडे बघते, मग पाळण्याकडे बघते, मग विळी उचलते. थिएटरमध्ये कोणीतरी श्वास आत ओढला. पण ती मुलगी शिडी लावून माळ्यावर चढली, विळी अगदी आतल्या कोपऱ्यात सरकवली आणि खाली येऊन पाळण्यापासून लांब बसली.

प्रमिलाबाईंना एकदम फ्रिजवरचं कपाट दिसलं.

पुढं मग जे व्हायचं तेच झालं. सासूनं मांत्रिक आणला. मुलीला अंगणात बसवलं, केस मोकळे सोडले, मिरच्यांची धुरी दिली. ती खोकत खोकत एकच वाक्य परत परत म्हणत होती. मांत्रिक मिठागरांकडे बोट दाखवत होता, म्हणजे ही बोलत नाहीये, ती बोलतेय.

"काय म्हणतेय ती?" प्रमिलाबाईंनी कावेरीअम्मांचं मनगट धरलं.

"बच्चा दूर रखो, बोलता. मेरे से दूर रखो."

त्या वाक्यावर प्रमिलाबाई उठल्या. हे वाक्य त्यांना तमिळमध्ये कळायची गरजच नव्हती. ते त्यांचं स्वतःचं होतं. तेहेतीस-चौतीस वर्षांपूर्वी ते त्यांनी आपल्या सासूला, हात जोडून, मालवणीत म्हटलं होतं. तेव्हा आपण कशा दिसत असू हे त्यांनी आजवर कधी बघितलं नव्हतं. आज बघितलं. त्या अंगणात बसलेल्या मुलीच्या अंगात कोणी आलेलं नव्हतं. ती नुसती दमलेली, घाबरलेली पोर होती, आणि घरातल्या सगळ्यांत तिलाच एकटीला बाळाची काळजी होती.

"घर," त्या म्हणाल्या. "चलो. अभी."

सिनेमा अर्धा राहिला होता. कावेरीअम्मांनी त्यांच्या तोंडाकडे एकदा पाहिलं आणि पिशवी उचलली. टॅक्सीत त्यांनी प्रमिलाबाईंचा हात आपल्या मांडीवर घेऊन वरून दुसरा हात ठेवला. सिग्नलला गाडी थांबली की प्रमिलाबाई ड्रायव्हरला म्हणत, "भैया, यल्ला, यल्ला, जल्दी," आणि तो पेशावरचा म्हातारा म्हणे, "इन्शाल्ला, माजी, इन्शाल्ला."

लिफ्टचं दार उघडलं आणि रेयांशचं रडणं ऐकू आलं. घराच्या दारात चप्पल अडकवून ते उघडं ठेवलेलं होतं, आणि बाहेर, पॅसेजच्या थंड फरशीवर, शुभ्रा भिंतीला टेकून बसली होती. दोन्ही हात मांड्यांखाली दाबून धरलेले. डोळे कोरडे.

कावेरीअम्मा चपला न काढताच आत गेल्या. क्षणात रडणं तुटक झालं, आणि मग त्यांचं गुणगुणणं ऐकू येऊ लागलं.

प्रमिलाबाई शुभ्राच्या शेजारी फरशीवर बसल्या. गुडघे दुखत होते, पण बसल्या.

"मी त्याला हात लावला नाही, आई," शुभ्रा म्हणाली. "खरंच नाही लावला. म्हणून तर बाहेर आले."

"माहीत आहे."

"त्याचं पोट भरलेलं होतं. पाळण्यात नीट ठेवलं आणि मग आले."

"माहीत आहे गो."

शुभ्रानं पहिल्यांदा मान वळवून त्यांच्याकडे पाहिलं. प्रमिलाबाईंनी विचारलं, "सुऱ्या तू म्हणूनच वर ठेवल्यास ना? आणि चावी तांदळात?"

"तुम्हाला कळलं होतं?"

"चावी सापडली होती. पण कळलं आत्ता, तासाभरापूर्वी. मला वाटायचं तुला कंटाळा येतो."

मग शुभ्रा बोलायलाच लागली, जसं काही कोणी बूच काढलं. की डोळ्यांसमोर चित्रं येतात. बाल्कनीच्या कठड्याजवळ गेलं की आपले हात सुटतात असं दिसतं. अंघोळीच्या टबकडे बघवत नाही. आपल्याला तसं करायचं नसतं, मुळीच नसतं, पण चित्र येतं आणि जात नाही. गूगल करून बघितलं तर जास्तच भीती वाटली. निखिलला सांगितलं तर तो बाळाला घेऊन निघून जाईल. "आणि त्याचं बरोबरच असेल," ती म्हणाली. "आई, मी वेडी झालेय का? की माझ्यात काही वाईट आहे?"

"याला काय म्हणतात ते मला नाही माहीत," प्रमिलाबाई म्हणाल्या. "पण मला झालं होतं. निखिल झाला तेव्हा."

आजवर हे त्यांनी माहेरीसुद्धा कोणाला सांगितलं नव्हतं.

त्यांच्या यजमानांची, रामचंद्रांची, ही दुसरी लग्नगाठ होती. पहिली बायको शेवंती बाळंतपणात गेली होती, मूलही गेलं होतं. प्रमिला त्या घरात गेली ती शेवंतीच्या खुंटीवर आपली साडी टांगत. निखिल जन्मला आणि महिन्याभरात तिला विहिरीची भीती वाटू लागली. पाणी काढायला गेलं की तळाशी बाळ दिसायचं. तिनं विहिरीकडे जाणं सोडलं, मग बाळाला घेणं सोडलं, आणि शेवटी सासूसमोर हात जोडले, ह्याला माझ्यापासून लांब ठेवा. घरानं लगेच ओळखलं, पहिलीनं धरलंय. तिला मूल हवंय. भगत आला. धुरी झाली, वेताचे फटके झाले. प्रमिलाला मागल्या खोलीत ठेवून बाहेरून कडी लावली. बाळाला फक्त दूध पाजायला आणायचे आणि पाजताना सासू हातात कोयती घेऊन उभी असायची. पावसाळा सरता सरता तिचं मन आपोआप वर आलं. सगळे म्हणाले, भगताचा हात चांगला.

"तुम्हाला काय वाटलं?" शुभ्रानं विचारलं.

"मलाही तेच वाटलं. आज सकाळपर्यंत तेच वाटत होतं, की मला पहिलीनं धरलं होतं." प्रमिलाबाईंनी तिचा एक हात मांडीखालून हळूच ओढून काढला. मुंग्या येऊन तो पांढरा पडला होता. त्या तो चोळत बसल्या. "मला कोणी विचारलंच नाही गो, की तुला कसली भीती वाटते. कोणी म्हणजे कोणीच नाही."

आतून कावेरीअम्मा रेयांशला खांद्यावर घेऊन दारात आल्या. तो शांत झाला होता, उचक्या देत होता. त्यांनी दोघींकडे पाहिलं आणि त्या तिथंच उंबऱ्यात बसल्या. लिफ्टमधून एक फिलिपिनो मुलगी पिशव्या घेऊन बाहेर आली, या तिघींना फरशीवर बसलेलं पाहून जरा बिचकली, हसली, आणि आपल्या दारापाशी गेली.

संध्याकाळी निखिल आला तेव्हा प्रमिलाबाईंनी त्याला चहा दिला आणि शुभ्राला काय होतंय ते थोडक्यात सांगितलं. त्याचा कप हातातच राहिला.

"ती असं बोलली? बाळाला काही करेन म्हणून?"

"करेन असं नाही बोलली. भीती वाटते असं बोलली. दोन्हीत फरक आहे."

"आई, ती थकलीय. झोप नाही. थोडे दिवस पुण्याला पाठवू. किंवा ऑनलाइन गुरुजींकडून काहीतरी शांत वगैरे... माझ्या टीममधल्या एकानं केलं होतं."

"निखिल, शांत नको. डॉक्टर हवा."

"कुठला डॉक्टर? सायकियाट्रिस्ट? इथं इन्शुरन्सवर रेकॉर्ड होतं सगळं. उद्या एचआरला कळलं, तिच्या ऑफिसला कळलं..."

"कळू दे," प्रमिलाबाई म्हणाल्या. इतक्या सरळ त्या आपल्या मुलाशी कधी बोलल्या नव्हत्या. "लपवून ठेवलं की काय होतं ते मला ठाऊक आहे. समोरच्या कावेरीअम्मांची मुलगी दवाखान्यात लॅबमध्ये आहे. तिनं एका बाईंचं नाव दिलंय. उद्याची वेळ घेतलीय मी. तुला येता येत नसेल तर आम्ही टॅक्सीनं जाऊ."

निखिल दुसऱ्या दिवशी सुट्टी घेऊन आला.

डॉक्टर शहनाझ लाहोरच्या होत्या, पन्नाशीच्या, चष्मा दोरीनं गळ्यात अडकवलेला. त्यांनी आधी शुभ्राला एकटीला बराच वेळ आत घेतलं. मग तिला विचारून दोघांना बोलावलं. हा आजार आहे, त्याला नाव आहे, औषध आहे, आणि यातून बाया बऱ्या होतात, असं त्यांनी सांगितलं. निखिलला जे विचारायचं होतं ते त्याच्या तोंडून निघेना. डॉक्टरबाईंनाच ते कळलं.

"बेटा, जिस माँ को ये डर सताता है, वो बच्चे को बचाने में ही लगी होती है. देखो, इसने क्या किया. छुरियाँ ऊपर रख दीं, बालकनी बंद कर दी, खुद बाहर जाके बैठ गई. मैंने सब पूछ लिया है. मुझे बच्चे की नहीं, इसकी नींद की फ़िक्र है."

गोळ्या लिहून दिल्या, दर आठवड्याला यायला सांगितलं, आणि रात्रीचं एक दूध निखिलनं पाजायचं असं त्यांनी त्याच्याकडे बोट करून बजावलं.

परत येताना शारजाच्या रस्त्यावर गाडी अडकली. पुढं मागं गाड्याच गाड्या, वर फिकट उन्हाचं आभाळ. शुभ्रा पुढच्या सीटवर डोकं टेकून झोपली होती. कित्येक दिवसांत तिला अशी गाढ झोप लागली नव्हती. मागं प्रमिलाबाई आणि शेजारच्या सीटमध्ये पट्ट्यानं बांधलेला रेयांश, तोही झोपलेला.

निखिल आरशातून बघत हळू आवाजात म्हणाला, "आई, तू काल म्हणालीस, तुला ठाऊक आहे. काय ठाऊक आहे?"

प्रमिलाबाईंनी सांगितलं. पॅसेजमध्ये सांगितलं त्यापेक्षा कमी सांगितलं. वेताचं सांगितलं नाही, कोयतीचं सांगितलं नाही. पण विहीर सांगितली, बंद खोली सांगितली. ते बाळ तूच होतास, हे वेगळं सांगावं लागलं नाही.

गाड्या थोड्या सरकल्या. निखिलची गाडी तिथंच राहिली. मागच्यानं हॉर्न दिला, मग दुसऱ्यानं दिला. निखिलनं गाडी पुढं घेतली आणि डाव्या हातानं डोळे पुसले.

"बाबांनी काही नाही केलं?" त्यानं विचारलं.

"ते बाहेर ओटीवर बसून असायचे. जेवायचे नाहीत. त्यांना काही सुचत नसे."

"आणि आजी? मला तर तिनंच..."

"आजीनं तुला वाढवलं. चांगलं वाढवलं. तिनं मला काही वाईट व्हावं म्हणून नाही केलं रे ते. तिच्या एका सुनेला तिनं मरताना बघितलं होतं." प्रमिलाबाई जरा थांबल्या. "पण मला ते लागायचं ते लागलंच. आता हे मी बोलते म्हणून तू तिचा फोटो वगैरे काढू नकोस भिंतीवरून."

निखिलनं मान हलवली. त्यानं शुभ्रावर पडणारं ऊन अडवायला समोरची झापडी खाली केली.

औषधाचा गुण यायला वेळ लागला. मधे एक आठवडा तर असा गेला की शुभ्राला उठवत नव्हतं, आणि निखिल ऑफिसातून सारखा फोन करत राहायचा. प्रमिलाबाईंनी तिला कधी एकटं ठेवलं नाही आणि कधी पहाराही दिला नाही. त्या नुसत्या त्याच खोलीत काहीतरी निवडत, विणत बसायच्या. चित्रं येतात का, असं त्या रोज सकाळी सरळ विचारायच्या, पाऊस आहे का विचारावं तसं. शुभ्राही सरळ सांगायची: आज आलं. आज दोनदा आलं. आज आलं पण गेलं. कावेरीअम्मा दुपारी यायच्या, रेयांशला तमिळमध्ये दटावायच्या. मुलीबरोबर जाऊन त्यांनी तो सिनेमा शेवटपर्यंत बघितला होता आणि आता त्यांना त्याचा शेवट सांगायची फार हौस होती. पण हातवाऱ्यांतून प्रमिलाबाईंना एवढंच कळलं की मिठात पाणी शिरतं आणि सासू रडते.

थंडी ओसरून हवा तापू लागली तेव्हा एके दिवशी प्रमिलाबाई बाथरूममध्ये पाटावर बसून पायांवर रेयांशला घेऊन अंघोळ घालत होत्या, आणि हल्ली दारापर्यंत येऊन थांबणारी शुभ्रा आज आत आली. स्टूल ओढून बसली. मग तिनं तांब्या उचलला. प्रमिलाबाईंनी बाळाला थोडं तिच्याकडे वळवलं. शुभ्रा बोटांनी पाण्याचा कढतपणा बघत बघत बारीक धार धरू लागली.

थोड्या वेळानं तिनं विचारलं, "आई, त्या शेवंतीबाई. तुम्हाला कधी दिसल्या होत्या?"

प्रमिलाबाईंनी रेयांशच्या काखेतलं पीठ धुतलं. उत्तर द्यावं की नाही याचा त्यांनी नीट विचार केला.

"दिसली नाही कधी," त्या म्हणाल्या. "पण त्या खोलीत दुपारी, सगळे झोपले की, कोणीतरी येऊन बसल्यासारखं वाटायचं. माझ्या पाठीला पाठ लावून. अंग गार असायचं तिचं. ऊन तापलेलं असायचं ना, बरं वाटायचं."

"भीती नाही वाटली?"

"तिची नाही वाटली. घरात तेवढी एकच होती जी मला काही करत नव्हती, काही सांगत नव्हती. नुसती बसायची. मी डोळे मिटून घ्यायचे आणि मला झोप लागायची." त्या जराशा हसल्या. "डॉक्टरबाईंना हे सांगितलं तर त्या मलाही गोळ्या देतील."

शुभ्रा हसली नाही. तिच्या हातातला तांब्या तसाच धरलेला राहिला. "मग गेली कधी ती?"

"गेली असं नाही कळलं. कडी काढली त्या दिवशी मी उठले, तुझ्या नवऱ्याला घेतलं आणि अंगणात आले. मागं वळून नाही बघितलं. बघायला हवं होतं, असं आता वाटतं."

रेयांशनं पाय झाडले. पाणी उडून शुभ्राच्या तोंडावर आलं, आणि ती दचकली, पण उठली नाही.

"घाल गो, घाल," प्रमिलाबाई म्हणाल्या. "कुडकुडेल पोर."

शुभ्रानं तांब्या पुन्हा भरला.